खालची पायरी रिकामी नाही

ज्येष्ठ वद्य अष्टमी, आळंदी

दिंडीत नाव नोंदवायच्या वहीत गाव, वय, रक्तगट, काही आजार आणि घरच्यांचा फोन एवढेच रकाने होते. कर्तृत्वाचा रकाना नव्हता हे पाहून मला बरं वाटलं आणि बरं वाटलं म्हणून लगेच वाईट वाटलं. भिशीचे, म्हणजे वाटेतल्या जेवणखाण्याचे, पैसे भरले, वळकटी ट्रकमध्ये टाकली, दिंडीचालक म्हणाले, ‘‘या माऊली.’’ संपलं. आजवर मला विनाचौकशी कुणी कुठे घेतलेलं नाही. नोकरीतसुद्धा प्रतीक्षायादीतून लागलो, वरचे दोघे आले नाहीत म्हणून.

नोकरी विम्यातली. मी मृत्युदावे तपासतो. माणूस गेला का, कसा गेला, आणि गेल्याचे किती द्यायचे. दिवसभर हे केलं की संध्याकाळी तोच हिशेब स्वतःला लावून बघायची खोड लागते. माझी टर्म पॉलिसी एक कोटीची आहे. म्हणजे आमच्या घरातली सगळ्यात महाग वस्तू मीच, फक्त चालू स्थितीत तिला गिऱ्हाईक नाही. आईला हे एकदा ऐकवलं, तर ती म्हणाली, ‘‘आधी डबा घासायला टाक.’’

शिवाय डोक्यात एक लेखापरीक्षक कायमचा मुक्कामाला आहे. त्याला ना पगार, ना रजा, तरी माझ्यापेक्षा दसपट कामसू. दहावीच्या निरोप समारंभात मी काय बोललो ते त्याच्याकडे अजून शब्दशः आहे. त्याला घरी ठेवून यावं म्हणून मी वारीला निघालो, तर तो माझ्याआधी ट्रकमध्ये चढून बसलेला.

इंद्रायणीवर कारखान्यांच्या सांडपाण्याचा पांढरा फेस तरंगत होता आणि त्यातच लोक मनोभावे बुड्या मारत होते. मंदिराच्या महाद्वारात हैबतबाबांची पायरी आहे. हैबतबाबा आरफळकर हे शिंद्यांच्या पदरी असलेले सरदार. सरदारकी सोडून आळंदीला आले, आणि माऊलींच्या पालखीला आजची लष्करी शिस्त लागली ती त्यांच्यामुळे, १८३२च्या सुमारास. हत्ती, घोडे, जरीपटका पाहिलेला माणूस, आणि शेवटी जागा मिळवली ती लोकांच्या पायांखाली. पंढरपुरात नामदेवांचीही पायरीच आहे. थोडक्यात, स्वतःला खाली लेखण्यात या मुलुखात कमालीची चुरस आहे आणि आधीचे स्पर्धक फारच तगडे आहेत. माझ्यासारख्याने प्राथमिक फेरीतच बाद व्हावं.

प्रस्थानाच्या वेळी मंदिराचा कळस हलतो, माऊलींनी निघायला होकार दिल्याची ती खूण, अशी श्रद्धा आहे. शेजारचे काका ओरडले, ‘‘हलला! हलला!’’ हजारो माणसं नाचायला लागली. मला काही हललेला दिसला नाही. ‘मी बघतोय हे कळल्यामुळे थांबला असेल,’ असं लेखापरीक्षकाने नोंदवून घेतलं.

पहिली रात्र आळंदीतच, पालखीची आजोळघरी आणि आमची एका शाळेच्या व्हरांड्यात. डाव्या हाताला घोरणारे एक, उजव्या हाताला घोरणारे दोन. मी झोपलो नाही, कारण मी घोरलो तर यांची झोपमोड होईल.

नवमी, आळंदी ते पुणे

सकाळी पहिला अपघात. वारीत कुणी कुणाला भेटलं की दोघंही एकमेकांच्या पाया पडतात. वय, जात, हुद्दा काही बघत नाहीत. हे मला ऐकून माहीत होतं, पण वेग माहीत नव्हता. सत्तरीचे एक आजोबा ‘माऊली’ म्हणत वाकले. कुणी आपल्या पाया पडावं ही कल्पनाच मला सहन होत नाही, म्हणून त्यांच्याआधी खाली पोचायला मी झेप घेतली. दोघांची डोकी अशी आपटली की पखवाजवाल्याने वळून पाहिलं. आजोबांचा पांढरा फेटा मध्ये आल्यामुळे ते वाचले. मला टेंगूळ आलं. ते हसत म्हणाले, ‘‘सावकाश, माऊली. पाय कुटं जात न्हाईत.’’

दिंडीत मला टाळ दिले होते. वडमुखवाडीपर्यंत ते माझ्या गळ्यात होते. तीन ओळी माझ्या पुढे, दोन मागे, सगळ्यांचा पाय आणि टाळ एकदम पडायचा आणि त्यानंतर, किंचित उशिराने, माझा. विणेकरी बुवा साताऱ्याकडचे. त्यांनी चालता चालता काही न बोलता माझ्या गळ्यातले टाळ काढून घेतले आणि खांद्यावर पताका दिली. पताकेला ताल नसतो. इतक्या सुबकपणे आजवर कुणी माझी पदावनती केली नव्हती.

पुण्यात शिरलं की वारकऱ्यांवर शहर तुटून पडतं. केळी, बिस्किटं, राजगिऱ्याच्या वड्या, प्लास्टिकचे रेनकोट. चपला शिवणारे, फुकट दाढी-कटिंग करणारे. एका मांडवात कॉलेजची मुलं वारकऱ्यांचे पाय चेपत होती. मी नको नको म्हणत असतानाच एकाने मला खुर्चीत दाबलं, पाय मांडीवर घेतला आणि तेल लावायला सुरुवात केली. पोरगा विशीचा असेल, अंगठ्याला अंगठ्याने दाब देत, पोटरीच्या गाठी एकेक करून सोडवत होता. वर बघून म्हणाला, ‘‘माऊली, कुठून आलात?’’

मी राहतो सिंहगड रोडला. तिथून रिक्षाने अर्ध्या तासात मी त्या मांडवात आलो असतो.

‘‘आळंदीहून,’’ मी म्हणालो. तांत्रिकदृष्ट्या यात खोट नाही. अशा उत्तरांवर मी आयुष्यभर लोकांचे दावे नाकारत आलो आहे.

माऊलींची पालखी भवानी पेठेत पालखी विठोबाच्या मंदिरात आणि तुकोबांची नाना पेठेत निवडुंग्या विठोबाच्या मंदिरात उतरते. मुक्काम दोन रात्रींचा. दिंडीतल्या आजींनी विचारलं, ‘‘घर हितंच आहे नव्हं तुजं? जाऊन ये की मग आईकडं.’’ गेलो. दार उघडून आई म्हणाली, ‘‘इतक्यात पोचलास पंढरपूरला?’’

दशमी, पुणे

झोपलो. लिहिण्यासारखं काही नाही. आईने टेंगळाला हळद लावली आणि सोसायटीतल्या चार बायकांना मला दाखवलं.

एकादशी, पुणे ते सासवड

वेळापत्रक कुणी आखलं असेल त्याला माणसाच्या देहाविषयी माझ्याइतकाच आकस असावा. या वाटचालीतला सगळ्यात लांबचा, तीसेक किलोमीटरचा टप्पा, त्यात दिवे घाटाची चढण, आणि नेमका त्या दिवशी उपास. हडपसर सोडेपर्यंत मी उत्साहात होतो. फुरसुंगीला साबुदाण्याची खिचडी मिळाली. वडकी नाल्याला मी मनातल्या मनात माझ्या दाव्याचा कागद भरायला घेतला. मृत्यूचं कारण, चालणे. सहव्याधी, आत्मविश्वासाचा अभाव. वारस, आई. शेरा, ‘विमेदाराने स्वतःहून उन्हात जाणे ही कृती बेफिकिरीत मोडते काय, तपासावे.’

घाटाच्या पायथ्याशी रथाला जादा बैलजोड्या जुंपतात. घुंगरं, गोंडे, शिंगांना रंग. वळणावळणावर माणसांचा पांढरा पट्टा वर सरकत जातो, खाली मस्तानी तलाव दिसतो, आणि घाटाच्या कठड्यावर जिथे पाय ठेवायला जागा आहे तिथे एकेक फोटोग्राफर. वरून ड्रोन. ड्रोन दिसला की मी पोट आत घ्यायचो. एवढ्या उंचीवरून, लाखभर माणसांत, एका पोटाची कुणाला काय पडली असेल? पण मी घाटभर पोट आत घेऊन चढलो, उपाशी असल्यामुळे ते त्यातल्या त्यात सोपं गेलं.

घाटात वारा सुटला. पताका तिरपी झाली आणि काठी पुढच्या ओळीतल्या आजींच्या डोक्यावरच्या तुळशीवृंदावनाला लागली. मी जागच्या जागी गोठलो. या बाई परभणीजवळच्या गावाहून, दरवर्षी येणाऱ्या, डोक्यावर पितळी वृंदावन घेऊन तरातरा चालणाऱ्या. मी चालत चालत क्षमायाचना सुरू केली ती घाटमाथ्यावरच्या विठ्ठलाच्या मोठ्या मूर्तीपर्यंत. लहानपणापासून मी कसा धांदरट, शाळेत प्रयोगशाळेतली चंचुपात्रं कशी फोडली, माझ्या हातात काही टिकतच कसं नाही. आजींनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, ‘‘तुळस शाबूत हाय की लेकरा. तू किती बोलालास! पाणी पी.’’

सासवडला पोचलो तेव्हा अंधार पडला होता. आणि मग समाजआरती.

ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी हे जरा सावकाश सांगतो. पालखी तळावर येते, सगळ्या दिंड्या भोवती रांगा धरून उभ्या राहतात, हजारो टाळ एका वेळी वाजत असतात. चोपदार हातातला चोप उंच करून ‘होऽऽ’ अशी आरोळी देतात आणि तो सगळा आवाज एका क्षणात बंद होतो. पण एखाद्या दिंडीची काही तक्रार असेल, तर ती टाळ थांबवत नाही. सगळीकडे शांतता आणि एका कोपऱ्यात छन्‌छन्‌ चालूच. चोपदार तिथे जातात, काय झालं विचारतात, पाणी मिळालं नाही, जागेवर दुसऱ्यांनी तंबू ठोकला, जे असेल ते सगळ्यांसमोर ऐकून निवाडा देतात. मग ते टाळ थांबतात आणि आरती होते. दाद मागण्याची इतकी चोख व्यवस्था आमच्या अख्ख्या कार्यालयात नाही. तिथे टोल-फ्री नंबर आहे.

त्या रात्री अशीच एक दिंडी वाजवत राहिली. टँकरचा प्रश्न होता, दोन मिनिटांत मिटला. मी विचार करत होतो की माझ्या डोक्यातले टाळ असेच कितीतरी वर्षं चालू आहेत, चोपदार एकदाही आलेले नाहीत. आले असते तरी मी त्यांना सांगितलं काय असतं? तक्रार कुणाविरुद्ध? फिर्यादी मी, आरोपी मी, आणि साक्षीदार म्हणून दहावीची अख्खी तुकडी.

आरतीआधी हरवल्या-सापडल्याची पुकारणी होते. एक मोबाइल. एक स्टीलचा तांब्या. आणि मग माइकवरून, खणखणीत आवाजात, ‘‘एका रुमालात बांधलेली कवळी सापडली आहे, ज्यांची असेल त्यांनी घेऊन जावी.’’

माझ्या पोटात खड्डा पडला. माझी असती, तर मी उरलेलं आयुष्य पेजेवर काढलं असतं पण पुढे गेलो नसतो. गर्दीतून एक काटकुळे आजोबा निघाले. सगळ्यांच्या देखत, डुलत डुलत, चोपदारांपर्यंत. रुमाल सोडला, कवळी उजेडात धरून निरखली, आपलीच आहे याची खात्री केली, सदऱ्याला पुसून तोंडात बसवली, आणि गर्दीकडे वळून हसून दाखवलं. लोकांनी ‘माऊली माऊली’ करून तळ डोक्यावर घेतला. मी ते दृश्य दहा हातांवरून पाहिलं. लेखापरीक्षक काहीतरी लिहायला गेला होता, त्याला बहुधा रकाना सापडला नाही.

द्वादशी, सासवड

मुक्काम. सोपानदेवांच्या समाधीचं दर्शन. चहाच्या टपरीवर पेपर पाहिला. पहिल्या पानावर दिवे घाटाचा भलामोठा फोटो. टपरीवाल्याचा चष्मा मागून मी तो वळणावळणाने तपासला. काल दिवसभर मला भीती होती की आपण फोटोत येऊन तो बिघडवणार. आज मी फोटोत कुठेच नाही म्हणून माझा जीव खालीवर. टपरीवाला म्हणाला, ‘‘घरचं कोण हरवलंय का?’’

पुढचा दिवस, जेजुरी

तिथ्यांचा हिशेब इथे माझ्याकडून सुटला. यमाई शिवरीला विसावा, साकुर्ड्यानंतर पावसाची एक सर, आणि मग लांबूनच गड दिसायला लागला. जेजुरीकर पालखीवर भंडारा उधळतात. पोत्यांनी. ‘येळकोट येळकोट जय मल्हार’ आणि ‘ज्ञानोबा माऊली तुकाराम’ एकमेकांत मिसळून जातात. पाच मिनिटांत रस्ता, रथ, बैल, पोलीस, सगळं पिवळं. टकलावर हळद किती घट्ट बसते याचा मला अंदाज नव्हता. दिंडीतली पोरं मला लांबून ओळखून हाक मारायला लागली. आयुष्यात पहिल्यांदा गर्दीत उठून दिसलो तो असा.

वाल्हे

दौंडजची खिंड ओलांडून दुपारच्या आत पोचलो. टप्पा छोटा, बाराएक किलोमीटरचा, म्हणून सगळे खुशीत.

वाल्हे हे वाल्मीकींचं गाव, त्यांची समाधी इथे आहे असं मानतात. वाल्या कोळी वाटसरूंना मारायचा, दर खुनाला रांजणात एक खडा टाकायचा, असे सात रांजण भरले, ही गोष्ट शाळेत सगळ्यांनी ऐकलेली. मला ती लहानपणी फार आवडायची. वाल्या पुढे ऋषी झाला हा भाग नव्हे. सगळं नीट मोजून ठेवण्याची त्याची शिस्त.

दुपारी तंबूत पिठलं-भाकरी झाल्यावर विणेकरी बुवा आणि मी शेजारी आडवे झालो. वीणा दुसऱ्याच्या गळ्यात होती. ती जमिनीवर टेकवत नाहीत, एकाने उतरवली की दुसऱ्याने घ्यायची. बुवांनी विचारलं, ‘‘पुण्याचं पाव्हणं, तुमी येवढं गप का असता?’’ आणि मी, कशाने कोण जाणे, रांजणाचं बोललो. म्हटलं, बुवा, माझेही भरत आलेत.

ते उठून बसले. पापाची गोष्ट निघाली की वारकरी टक्क जागा होतो.

‘‘काय केलंत?’’

मी सुरुवात केली. ग्रुपवर कुणाला तरी रक्त हवं होतं, माझाच गट, मी मेसेज वाचून फोन एरोप्लेन मोडवर टाकला होता. धाकट्या भावाची नोकरी गेली तेव्हा मला मिनिटभर बरं वाटलं होतं. वडील आजारी असताना एका संध्याकाळी दवाखान्यात जायला नको म्हणून ऑफिसात बसून पत्ते खेळलो होतो, कॉम्प्युटरवर, एकटाच. आणखी बरंच. बुवा ऐकत राहिले. मधूनच तंबाखू मळली. मी संपवलं तेव्हा मला अपेक्षा काय होती ते नीट सांगता येणार नाही. धिक्कार झाला असता तर चाललं असतं. त्याला माझी मान्यता होती.

बुवांनी चिमूट ओठाखाली ठेवली. ‘‘एक इचारू? माणूस किती मारलं?’’

‘‘एकही नाही.’’

‘‘मग वाल्याचं नाव कशापायी घेता? त्यानं इतकं खून केलं तवा कुठं रांजाण भरलं. तुमची ही निसती माती. ह्यानं गाडगं बी भरायचं न्हाई.’’ मग जरा थांबून, ‘‘वडलांचं तेवढं वाईट झालं. बाकीचं काय न्हाई. सरका, पाठ टेकू द्या.’’ आणि मिनिटात घोरायला लागले.

मी तंबूच्या कापडाकडे बघत पडलो. अपमान झाल्यासारखं वाटत होतं, हे खोटं कशाला बोलू. इतक्या वर्षांचा साठा, आणि तज्ज्ञाने किरकोळ म्हणून परत केला. स्वतःचा तिरस्कार करणाऱ्या माणसाची एक गुप्त ऐट असते. आपल्याइतकं वाईट कुणी नाही, हा किताब तो जीव गेला तरी सोडत नाही. त्या दुपारी मला आठवली ती चोखोबांची समाधी, नामदेवांच्या पायरीसमोरची. नामदेवांनी पायाखालची जागा मागून घेतली. चोखोबांना कुणी विचारलं नव्हतं. मंदिरात जाऊ दिलं नाही म्हणून बाहेरची जागा त्यांच्या वाट्याला आली. खरोखर ज्यांना खाली दाबलं ते आयुष्यभर देवाला जाब विचारत राहिले, आणि मी, ज्याला कुणी कधी हात लावला नाही, स्वतःच स्वतःच्या डोक्यावर बसून होतो. हौस म्हणतात ती हीच.

लोणंद

नीरा ओलांडताना माऊलींच्या पादुकांना नदीत स्नान घालतात. पूल संपला की सातारा जिल्हा. गर्दीत माझी चप्पल गेली, एकच. पुकारणीत नाव द्यावं का यावर मी रात्रीपर्यंत विचार केला. शेवटी दिलं. माइकवरून माझी डावी चप्पल, अंगठ्याचा पट्टा शिवलेली, तुटकी टाच, असं साग्रसंगीत वर्णन झालं. चप्पल मिळाली नाही. कुणी हसलंही नाही. याची मात्र मला थोडी निराशा वाटली.

चांदोबाचा लिंब आणि तरडगाव

लोणंदहून पुढे चांदोबाच्या लिंबापाशी पहिलं उभं रिंगण. दिंड्या रस्त्याच्या दोन बाजूंना ओळी धरतात आणि मधल्या फटीतून दोन घोडे सुटतात. एकावर जरीपटका घेतलेला स्वार. दुसऱ्याच्या पाठीवर कुणीच नाही, तो माऊलींचा, त्यावर माऊली बसलेले असतात. दोन्ही घोडे वाऱ्यासारखे गेले, आणि टापांखालची माती कपाळाला लावायला लोक खाली झेपावले. मीही. या खेपेला डोकं कुणाला लागलं नाही.

रिंगण झालं की उडीचे खेळ. मनोरे, हुतुतू, फुगड्या. मी दुसऱ्याच्या चपला घालून कडेला उभा होतो. परभणीच्या आजी आल्या आणि दोन्ही हात पुढे केले.

‘‘आजी, मला येत नाही.’’

‘‘मला तरी कुठं येती? ये.’’

पाय जुळवले, हात धरले. आजींचं वय बहात्तर, हे नोंदवहीत मी वाचलं होतं. सुरुवातीच्या दोन गिरक्यांत मी दाव्याचा कागद भरत होतो. अपघाती मृत्यू, फुगडी, भिडू पुण्याचा. तिसरीत आजींनी अंग मागे टाकलं आणि असा वेग धरला की कागद, वही, शिक्का सगळं गेलं. लुगड्याचा हिरवा पट्टा, आभाळ, कुणाचा तरी फेटा, पुन्हा लुगडं. मला एवढंच कळत होतं की मी हात सोडला तर आजी शेतात जाऊन पडतील आणि आजींनी सोडला तर मी. मी मुठी गच्च आवळून फिरत राहिलो. बराच वेळ, असं वाटतं, कारण भोवतालचे टाळ्या वाजवून दमले.

‘‘आरं सोड की आता,’’ आजी ओरडल्या, ‘‘दुसऱ्याला बी खेळू दे!’’

सोडलं. आजी जागच्या जागी उभ्या राहिल्या, पदर खोचला आणि पुढच्या भिडूला हात दिले. मी बुवांच्या अंगावर जाऊन आदळलो.

तरडगावला मुक्काम. भाजी वांग्याची होती, पुन्हा.